वीणेच्या पट्ट्याची गाठ

१

वीणा खुंटीला टांगलेली दिसली आणि बापूसो उंबऱ्यातच थबकला. माणूस त्याला त्यानंतर दिसला.

हरळवाडीच्या विठ्ठल मंदिरात सप्ताहाचा पाचवा दिवस होता. मुरगूडच्या अलीकडच्या या गावात सप्ताह बसला की सात दिवस नाम थांबत नाही. वीणा एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात जाते. देणारा घेणाऱ्याच्या कपाळाला बुक्का लावतो, दोघं एकमेकांच्या पाया पडतात, आणि मगच पट्टा गळ्यात पडतो. त्या वेळी कोण मोठा, कोण धाकटा हे बघायचं नसतं. सगळी गोडी तिथंच आहे. वीणा जमिनीला टेकत नाही, खुंटीला जात नाही. जो ती घेऊन उभा राहतो त्यानं देवाकडं तोंड करून उभं राहायचं, मागं वळून बघायचं नाही. मागं संसार असतो.

दुपारी सगळं गाव शाळेच्या मैदानावर महाप्रसादाला बसलं होतं. देवळात एकटे गणपतराव, वीणेच्या पहाऱ्याला. गणपतराव म्हणजे गावाचे आबा, तीन वेळचे आमदार. भोंग्यावरून त्यांचा घोगरा आवाज पंगतीपर्यंत येत होता आणि वाढणारी पोरं त्याच तालावर आमटीच्या बादल्या हलवत होती. मग मध्येच भोंगा गप्प झाला. "लाईट गेली," कुणीतरी म्हणालं, आणि पंगत चालू राहिली.

आबांच्या पाठोपाठ पहारा बापूसोचा. केस काळे होते तेव्हापासून तो आबांचा पीए. हात धुऊन, टोपी सारखी करून तो देवळात आला, तर खुंटीला वीणा, आणि खांबाला टेकून आबा. पाय पसरलेले, मान जराशी कलती, कीर्तनात रंगलेल्या माणसाची असते तशी. गाल ओले होते. बापूसोनं त्यांचा हात धरला आणि भाजल्यासारखा सोडून दिला.

"आबाऽऽ!"

हाक विरते न विरते तोच देवळामागं मोटार चालू झाली. बापूसो मागच्या दाराशी धावला. धुरळ्यातून एक पांढरी गाडी रस्त्याला लागत होती. नंबर वाचायची गरज नव्हती. मागच्या काचेवर गेल्या निवडणुकीचं चिन्ह अजून चिकटलेलं होतं.

अमरसिंहाची गाडी. आबांचा एकुलता एक मुलगा, बापाच्या विरोधात उभा राहिलेला.

२

मुरगूडहून सहायक पोलीस निरीक्षक पूर्णिमा मगदूम येईपर्यंत गावानं खटला चालवून निकालही देऊन टाकला होता.

"ल्योकानंच मारलं. शोधताय काय?" पारावरचा एक म्हातारा म्हणाला. "आणि पावणं, चपला भायर काढा. देऊळ हाय."

पूर्णिमानं बूट काढले.

गावाचा राग समजण्यासारखा होता. गेल्या खेपेला आबा चौथ्यांदा उभे राहिले. मुलानं म्हटलं, आता मला उभं राहू द्या. आबा म्हणाले, अजून एकदा. मुलगा अपक्ष उभा राहिला, मतं फुटली, दोघंही पडले आणि तिसराच निवडून आला. तेव्हापासून बापलेकांत बोलणं नव्हतं. एका घराच्या दोन चुली झाल्या, आणि मुलानं बिऱ्हाड मुरगूडला हलवलं.

डॉक्टरांनी तिथल्या तिथं तपासून सांगितलं, "मारल्याची खूण नाही, विषाची नाही. हृदय बंद पडलंय. त्रास जुनाच होता. जिभेखाली ठेवायची गोळी कायम खिशात बाळगायचे. मीच दिली होती. आज खिसा रिकामा आहे."

एवढं ऐकलं आणि आबांची धाकटी बहीण अक्काताई पुढं झाली. अंगानं दणकट, आवाजानं त्याहून.

"त्यानंच काढून घेटल्या! बाप तडफडताना बघत उभा ऱ्हायला. उद्या कोल्हापुरात चिरफाड होऊन दादा परत आला की बगा. त्या पोराचं पाऊल सरणाजवळ पडू देणार न्हाय. अग्नी बापूसो दील."

गावाचं ठरलं.

पूर्णिमा हातकणंगल्याकडच्या जैन शेतकरी घरातली. बस्तीतली, म्हणजे जैन मंदिरातली, स्तोत्रं तिला पाठ होती, सप्ताह मात्र नवा. म्हणून ती सगळंच विचारत होती. कोण काय धरतं, कोण कुठं उभं राहतं, काय चालतं, काय चालत नाही. तिच्याबरोबरचा हवालदार धैर्यशील माळकरी होता. तो एकेक गोष्ट सांगत होता.

"झटका आला तेव्हा वीणा गळ्यात असती तर?" तिनं विचारलं.

"मग आबांसंगट खाली आली आसती. भोपळा फुटला आसता."

भोपळ्याला चरासुद्धा गेला नव्हता.

"घालून बघा."

धैर्यशील कचरला. मग हात धुऊन आला, देवाला नमस्कार केला आणि पट्टा गळ्यात घातला. भोपळा कमरेशी यायचा तो पार छातीवर आला.

"ऑं? पट्ट्याला गाठ मारल्या की कुणीतरी. आबा तर माझ्यापेक्षा उंच, जुनं पैलवान."

"बापूसो?"

"त्यो बी उंच, नुसतं उसाचं कांडं. त्याला न्हाय बसायचा."

"अमरसिंह?"

"बापावर गेलाय."

पूर्णिमा आबांच्या उजव्या हाताजवळ बसली. अनामिकेवर बुक्का होता, काळा, अजून सुगंधी. उठून ती भोंग्याच्या यंत्राजवळ गेली. बटण बंद होतं. पांढऱ्या बटणावर काळं बोट उमटलं होतं.

"धैर्यशील, लाईट गेली म्हणून भोंगा गप्प झाला ना?"

"सगळी तसंच म्हणत्यात."

तिनं आपलं बोट त्या काळ्या ठशाशेजारी धरून बघितलं. "आबांनी कुणाच्या तरी कपाळाला बुक्का लावला. मग स्वतःच्या हातानं भोंगा बंद केला. म्हणजे वीणा हिसकावलेली नाही. त्यांनी ती रीतसर दिली, पाया पडून." ती वळली. "जीव घ्यायला आलेल्याच्या पाया कोण पडतं?"

३

बापूसो देवळाच्या पायरीवर गुडघ्यांत मान घालून बसला होता. विचारलं तसा बोलत सुटला. न विचारलेलंही बोलला.

आबा कोल्हापूरच्या तालमीत वाढले. मग गावची दूध संस्था, मग पंचायत समिती, मग आमदारकी. मुंबईत आमदार निवासाच्या खोलीत हे दोघं. आबा दाढी करताना अभंग म्हणायचे, म्हणून शेजारच्या खोलीतले एक विदर्भातले आमदार भिंत ठोकायचे आणि मग हळूहळू भिंतीपलीकडून टाळ्यांनी ताल धरायला लागले. मतदारसंघात मयत चुकवली नाही, बारसं चुकवलं नाही. नदीवरून पाणी वर चढवायची योजना दोन सरकारांच्या पाठीमागं लागून करून घेतली.

"आणि घरात?"

बापूसोनं टोपी काढून मांडीवर ठेवली. "घर चिमणावैनींचं. पहाटेपासनं माणसांची रीघ. त्यास्नी च्या, त्यास्नी भाकरी. आमदारीण झाल्या पर आबांचा सदरा धुवायला कुणाला दिला न्हाय." मग एकदम हसला, डोळ्यांत पाणी असताना. "सभागृहातलं शेवटचं भाषण विधवांवर हुतं, मॅडम. ही अक्काताई लहानपणीच उघडी पडल्याली. आबा बोलताना सगळं सभागृह गप. मग हितं गावात ठराव घेटला. कुणाचं कुंकू पुसायचं न्हाय, बांगड्या फोडायच्या न्हाईत. आबा हात जोडून म्हणालं, माझ्या माघारी माझ्या चिमणाचं कपाळ कुणी मोकळं केलं तर वर गेल्यावर बी भांडायला येईन."

"पडल्यावर खचले असतील."

"न्हाय बगा. हलकं झालं. आधी कीर्तनात रडायचं न्हाईत. फोटू निघतोय म्हणायचं. पडल्यावर बुवांनी नुसतं नाव घेटलं की डोळं वाहायचं. खांबाला टेकायचं आणि पोरागत हुंदकं द्यायचं. सगळ्या गावाला सवय झाल्याली. परवा मला म्हणालं, बापू, आता मी आमदार न्हाय. आता कुणाला भ्यायचं?"

"म्हणजे काय म्हणायचं होतं त्यांना?"

"मी इचारलं. तर म्हणालं, एक देणं ऱ्हायलंय घरातलं."

४

अमरसिंहाचं खताचं दुकान मुरगूडच्या बाजारात. शटर अर्धं ओढलेलं होतं. आत पोत्यांच्या थप्पीशेजारी तो उंच माणूस लहान मुलासारखा आखडून बसला होता.

"मागच्या दारानं का गेलात?"

"पुढच्या दारानं गेलं की चप्पल काढायच्या आत टोमणे सुरू होतात. सप्ताह बसलाय. वाटलं, पाया पडून यावं. दोन वर्षं झाली बोललो नव्हतो."

"पडलात पाया?"

तो पोत्यावरच्या छापील अक्षरांकडं बघत राहिला. "उशीर झाला."

"गेले होते?"

"व्हय."

"मग हाक का मारली नाही कुणाला? पळालात का?"

अमरसिंह पोत्याचा सुटलेला दोरा ओढत राहिला.

"देवळात दुसरं कोण होतं?"

"कोण नव्हतं." हे मात्र प्रश्न संपायच्या आत आलं.

पूर्णिमानं खुर्ची पुढं ओढली. "अमरसिंह, उद्या तुम्हाला अग्नी देऊ देणार नाहीत. गावानं ठरवलंय. बापूसो देणार."

त्याचा ओठ हलला. तो त्यानं दातांखाली धरला. "देऊ दे. बापूनं माझ्यापेक्षा जास्त केलंय त्यांचं."

"खरं काय ते सांगितलंत तर मी स्वतः उभी राहून—"

"मी बापाला पाडलं हे सगळ्या जिल्ह्याला म्हाईत हाय, मॅडम. आता मारलं म्हणतील. एवढाच फरक. तुम्हाला काय लिहायचं ते लिहा. फक्त आईला यातलं काही विचारू नका."

पूर्णिमा उठली. शटरखालून वाकून बाहेर पडताना मागून आवाज आला. अगदी बारीक.

"मॅडम, आई जेवली काय?"

५

दुसऱ्या दिवशी सकाळी आबांच्या घरासमोर मांडव उभा राहिला. कोल्हापुरातून गाडी निघाल्याचा फोन आला होता. अक्काताई अंगणात शेणाचा सडा टाकत होती. रडायचं होतं, पण हाताला काम हवं होतं.

"अमरसिंहाची गाडी तुम्ही कधी पाहिली?" पूर्णिमानं विचारलं.

"प्रसादाचं पीठ कमी पडलं म्हणून मी गिरणीत गेलतो." कोल्हापूरकडच्या बायका बोलतात तशी तीही पुरुषासारखंच बोलायची. "जाताना गाडी देवळामागं. दळून माघारी आलो तरी तिथंच. म्हंजी बगा किती वेळ मुडदा पडायची वाट बघत बसला आसंल!"

"गिरण चालू होती?"

"व्हय की. भरभर. नंबर बी न्हवता, समदी जेवाय बसल्याली."

पूर्णिमानं 'गिरण चालू' एवढं लिहून घेतलं.

"चिमणाबाईंना बातमी कुणी दिली?"

"मीच. बापूसोची बोंब ऐकली आणि पिठाचा डबा टाकून घराकडं पळालो. वैनी माजघरात भिताडाकडं तोंड करून बसल्याली. मी म्हटलं, वैनी, दादा गेला गं. तर वर बघितलं बी न्हाय." अक्काताईचा आवाज एकदम चिरला. "आणि कपाळ मोकळं! पुसल्यालं! दादानं सभेत हात जोडलं, ठराव केला, आणि हिनं सोत्ताच्या हातानं पुसलं. माझं पुसलं तवा मी परकरात हुतो, मॅडम. मला कुणी इचारलं न्हाय. हिला तर ठेवायचा हक्क मिळाल्ता. लई राग आला मला. अजून बोललो न्हाय मी तिच्यासंगं."

"अक्काताई, एक सांगा. त्यांना बातमी देणाऱ्या पहिल्या तुम्हीच ना?"

"व्हय. देवळाकडनं बापूसो, आणि घराकडं मी. तिसरं कोण—"

सड्याची बादली तिच्या हातात तशीच राहिली. शेणाचं पाणी पायावर सांडत होतं, ते तिला कळलं नाही.

"मी सांगायच्या आधीच पुसलं हुतं तिनं," ती पुटपुटली.

६

माजघरात चिमणाबाई कालच्याच जागी होत्या. अंगानं इतक्या बारक्या की मागच्या कणगीनं त्या जवळजवळ झाकून गेल्या होत्या. समोर कुणीतरी ठेवलेली चहाची बशी. त्यावर साय धरलेली.

पूर्णिमा त्यांच्याजवळ जमिनीवर बसली. दार लोटून घेतलं.

"मावशी, मी सांगते. चुकलं तर थांबवा. आबांनी बुक्का लावला आणि त्याच बोटानं भोंगा बंद केला. लाईट गेली नव्हती, गिरण चालू होती. म्हणजे आता जो आवाज येणार होता तो गावाला ऐकू जाऊ नये, असं त्यांना वाटत होतं. पुरुषाचा आवाज असता तर कशाला बंद केला असता? पट्ट्याला गाठ मारली, कारण घेणारं माणूस बुटकं होतं. नंतर त्या माणसाच्या कपाळावर बुक्का राहिला. तो कुणाला दिसू नये म्हणून पदरानं पुसला. कुंकवाखालचा बुक्का पुसायचा तर कुंकूही जाणारच."

मग चिमणाबाईंनी कनवटीला हात घातला आणि मूठ पूर्णिमासमोर उघडली. गोळ्यांची छोटी पट्टी होती.

"सकाळी सदरा धुवाय घेटला, त्यात ऱ्हायल्याल्या. त्या द्याय गेलतो मी."

आणि त्या सांगू लागल्या. आवाज शांत होता. ऐकणाऱ्याला तेच जड जात होतं.

माहेर वारणानगरकडं. वडील साखर कारखान्यात, वसाहतीत भजनी मंडळ. या पोरीचा आवाज ऐकायला पलीकडच्या गल्लीतली माणसं यायची. लग्न झालं तरी गाणं चालू होतं. आबाच म्हणायचे, म्हण की गं. मग पहिली निवडणूक आली. विरोधकानं सभेत म्हटलं, ज्याची बायको देवळात चारचौघांत गळा काढती, त्यो काय मतदारसंघ सांभाळणार? लोक हसले. आबा घरी आले आणि म्हणाले, आता नको म्हणू, निवडून येईस्तोवर.

"निवडून आलं. मग म्हणालं, आता आमदाराची बायको. मग परत निवडणूक." चिमणाबाई बशीकडं बघत होत्या. "मी काय रागावलो न्हवतो. ऱ्हाऊनच गेलं."

काल त्या गोळ्या घेऊन गेल्या, तर आबा म्हणाले, नंतर घेतो, आधी हिकडं ये. त्या घाबरल्या, म्हणाल्या, बाईला वीणा देत न्हाईत. आबा म्हणाले, आज आपल्या दोघांत. शेवटच्या दिवशी, काल्याला, सगळ्या गावाम्होरं देईन, भोंगा लावून. आज जरा सराव.

"बुक्का लावला. गाठ मारली. आणि माझ्या पाया पडलं." त्यांनी डोळे मिटले. "मी म्हटलं, आवो, काय करताय. तर म्हणालं, रीत हाय. हितं आमदार-बिमदार न्हाय कोण."

मग त्या उभ्या राहिल्या. देवाकडं तोंड करून. इतक्या वर्षांनी आवाज निघेल की नाही वाटत होतं, निघाला. आबा मागं खांबाला टेकले. थोड्या वेळानं मागून हुंदका आला. मग श्वास ओढल्यासारखा आवाज.

"मला वाटलं, रडत्यात. कीर्तनात रडायचंच की ते. मी म्हटलं रडू दे. माझ्या गाण्याला रडत्यात म्हणून मी आणि जीव लावून म्हटलं." पहिल्यांदा आवाज फुटला. "वीणा घेटल्यावर मागं बघत न्हाईत ना, पोरी. मी न्हाय बघितलं. मनभर म्हटलं, आणि मग म्हटलं, घ्या की आता. तर कोण घेईना."

पूर्णिमानं त्यांचा हात धरला.

"एका हातात वीणा, एका हातानं हलवत हुतो. तरी वीणा खाली न्हाय ठेवली बग मी. खुंटीला लावली. हाक माराय गेलो तर आवाजच न्हाय. जेवढा हुता तेवढा तिकडं संपला." मग त्यांनी विचारलं, "गोळीनं जगलं आसतं का गं?"

"माहीत नाही, मावशी. डॉक्टरांनाही नाही सांगता येणार."

खोटा धीर दिला नाही, म्हणून असेल, चिमणाबाईंनी मान हलवली.

"गावाला का नाही सांगितलं?"

"मला काय बी म्हणू दे. पर त्यास्नी म्हणतील, बायकोला वीणा दिली, सप्ता बाटवला, म्हणून देवानं नेलं. तीन वेळचा आमदार. जाताना ह्ये नाव घेऊन जायाचं?"

पूर्णिमानं दुसरा हातही त्यांच्या हातावर ठेवला. सांगावं की नाही, हा प्रश्न नव्हता. कसं सांगावं, हा होता.

"मावशी, गाव आता दुसऱ्याच कुणाचं नाव घेतंय. अमरसिंहानं गोळ्या काढून घेतल्या म्हणतात. त्याला अग्नी देऊ देणार नाहीत."

"अमर?" चिमणाबाई दचकल्या. "त्यो कुठनं आला ह्यात?"

"मागच्या दाराबाहेर उभा होता. बराच वेळ. त्यानं तुम्हाला वीणा टांगून पुढच्या दारानं बाहेर पडताना बघितलं, आणि तोंड मिटून घेतलं. काल मी त्याला हरतऱ्हेनं विचारलं. त्यानं मला एकच विचारलं. आई जेवली काय."

बाहेर गाडीचा आवाज आला. अंगणात एकदम हंबरडा फुटला. आबा घरी आले होते.

चिमणाबाई भिंतीला धरून उठल्या.

७

तिरडी बांधून झाली होती. बापूसोच्या हातात विस्तवाचं मडकं होतं आणि ते त्याला पेलवत नव्हतं. रस्त्यापलीकडं, चिंचेखाली, अमरसिंह अनवाणी उभा होता. त्याच्यासमोर तालमीतली चार पोरं हाताची घडी घालून.

चिमणाबाई उंबऱ्यात आल्या. गर्दी त्यांना वाट द्यायला सरकली, पण त्या तिथंच थांबल्या.

"माझ्या अमरला हिकडं येऊ द्या," त्या म्हणाल्या. "देवळात मी हुतो."

आणि जे आत सांगितलं होतं तेच बाहेर सांगितलं. थोडक्यात, पण भोंगा बंद केल्याचं सांगितलं, पाया पडल्याचं सांगितलं, गोळ्यांची पट्टी हात वर करून दाखवली. तिरडीवरच्या फुलांवर माश्या घोंघावत होत्या.

"वीणेला बाईमाणूस लागलं म्हंजी—" पारावरचा म्हातारा सुरू झाला.

"तुमी गप ऱ्हावा, तात्या!" अक्काताई कडाडली. "भोंगा चालू आसता तर समदं गाव पळत आलं आसतं. दादा वाचला बी आसता. तुमच्या ह्या तोंडाला भिऊन बंद केला त्यानं!"

म्हातारा दोन पावलं मागं सरला. दोघंतिघं टोप्या सारख्या करत निघूनही गेले. तालमीतली पोरं मात्र बाजूला झाली, आणि अमरसिंह रस्ता ओलांडून आला. आईसमोर उभा राहिला, पण तिच्याकडं बघेना.

"मी दारातच हुतो, आई," तो म्हणाला. "आत येणारच हुतो. तर तुझा आवाज आला. आधी कळलंच न्हाय कोण म्हणतंय. मी कधी ऐकलाच नव्हता की गं." त्यानं तळव्यानं तोंड पुसलं. "वाटलं, संपू दे, मग जातो. बाहेर उभा राहून ऐकत बसलो. तू बाहेर पडेस्तोवर मीबी आत बघितलं न्हाय."

चिमणाबाईंनी त्याचं डोकं खाली ओढून खांद्यावर घेतलं. त्यासाठी त्या उंच माणसाला पार वाकावं लागलं.

बापूसो पुढं आला. विस्तवाचं मडकं त्यानं अमरसिंहाच्या हातात दिलं. "तुझं हाय ह्ये," एवढंच म्हणाला.

आता यात्रा निघायची. माळकऱ्याची यात्रा, पुढं वीणा हवी. धैर्यशीलनं ती देवळातून आणली होती, पण मोडलेल्या सप्ताहाची वीणा गळ्यात घ्यायला कोणी पुढं होईना. एकमेकांकडं बघणं चाललं होतं. बापूसोनं ती घेतली. पहारा त्याचाच होता. वीणा कुणाला द्यायची हेही तोच ठरवणार. तो सरळ उंबऱ्याशी गेला.

"वैनी, काल्यापतुर थांबायचं न्हाय आता."

चिमणाबाई मागं सरकल्या. हात आपोआप मोकळ्या कपाळाकडं गेला.

"थांब बापू," अक्काताई म्हणाली. ती आत गेली, करंडा घेऊन आली. स्वतःचं कपाळ पुसल्यापासून कुंकवाला तिनं बोट लावलं नव्हतं. सवय नव्हती, म्हणून टिकली जरा वाकडीच लागली. त्याखाली बापूसोनं बुक्का लावला. तो पाया पडला. चिमणाबाई त्याच्या पाया पडल्या.

पट्टा सैल करावा लागला नाही, की आवळावा लागला नाही. धैर्यशीलनं, कुणी सांगितलं नसताना, गाठ तशीच ठेवली होती.

यात्रा निघाली. पुढं वीणा, मागं मडकं धरून अमरसिंह, त्याच्या मागं चौघांच्या खांद्यावर आबा. देवळाच्या कोपऱ्यावर बापूसोनं आत जाऊन भोंग्याचं बटण दाबलं आणि माईक लांब तारेनं दारापर्यंत ओढून आणला. चिमणाबाई तिथं थांबल्या. पहिला शब्द फाटला, दुसरा लागला. तो आवाज शाळेच्या मैदानावरून, उसाच्या फडांवरून पार नदीपर्यंत गेला, आणि कामावरच्या बायका विळे हातात धरून उभ्या राहिल्या. पूर्णिमा बूट हातात घेऊन गर्दीत चालत होती; तिला तिची बस्तीत गाणारी आजी आठवत होती.

नाम म्हणता म्हणता चिमणाबाई थांबल्या. सगळे थांबले. वीणेकऱ्यानं मागं बघायचं नसतं, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं.

त्या वळल्या. फुलांखालच्या त्या तोंडाकडं त्यांनी पोटभर बघून घेतलं, आणि मग, त्याच्याकडंच तोंड करून, पुढचं नाम म्हटलं.